झुंडीचे छायाचित्र आणि शिक्षकाचे गीत

आपल्या हाती असलेल्या या ग्रंथाला आपण 'स्मरणिका' म्हणतो. इंग्रजीतील 'सुव्हेनिअर' या शब्दाला मराठीने शोधलेला हा पर्याय मूळ शब्दाहून अधिक सुंदर आहे, असे आम्हांस नेहमीच वाटत आले आहे. कारण त्यात वस्तूपेक्षा स्मरणाला मान आहे. परंतु माणसे स्मरणासाठी काय जपून ठेवतात, हा प्रश्न वाटतो तितका निरुपद्रवी नाही. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात अमेरिकेतील अनेक गोऱ्या कुटुंबांनी हौसेने विकत घेऊन जपलेल्या आठवणवस्तूंमध्ये झुंडीने ठार केलेल्या कृष्णवर्णीय माणसांची छायाचित्रेही होती. ती पोस्टकार्डांवर छापली जात आणि मागे चार ओळींचा मजकूर लिहून नातेवाइकांना पाठवली जात. अशी कार्डे उघडी पाठवण्यास १९०८ साली टपालात बंदी झाली. तेव्हा लोक ती लिफाफ्यात घालून पाठवू लागले.

७ ऑगस्ट १९३० च्या रात्री इंडियाना राज्यातील मेरियन या गावी घेतलेले छायाचित्र हे त्यांपैकी सर्वाधिक पसरलेले. थॉमस शिप आणि अब्राम स्मिथ या दोन कृष्णवर्णीय तरुणांना खून व बलात्काराच्या आरोपावरून पकडले होते. खटला उभा राहण्यापूर्वीच जमावाने तुरुंगाचे दार फोडले, त्यांना मारहाण केली आणि न्यायालयाच्या आवारातील झाडाला लटकवले. गावातील व्यावसायिक छायाचित्रकार लॉरेन्स बाइटलर याने काढलेल्या चित्रात वर दोन देह दिसतात आणि खाली गर्दी. ही गर्दी चेहरा लपवणाऱ्यांची नव्हे. एक मनुष्य कॅमेऱ्याकडे पाहत बोट वर करून देह दाखवतो आहे. तरुण जोडपी जत्रेला यावे तशी आलेली आहेत. त्या चित्राच्या हजारो प्रती प्रत्येकी पन्नास सेंटला विकल्या गेल्या. चेहरे स्पष्ट दिसत असूनही त्यांतील कोणालाही शिक्षा झाली नाही. त्याच रात्री जमावाने जेम्स कॅमेरॉन नावाच्या तिसऱ्या, सोळा वर्षांच्या मुलाच्याही गळ्यात दोर अडकवला होता. तो कसाबसा वाचला आणि पुढे १९८८ साली मिलवॉकी शहरात त्याने या हत्यांच्या इतिहासाचे संग्रहालय उभे केले.

मेरियन हे दक्षिणेतील गाव नव्हे, हेही ध्यानात ठेवावे. गुलामगिरी ज्या राज्यांत कधीच राजमान्य नव्हती, त्यांपैकी एका राज्यातील ही घटना आहे.

हे छायाचित्र न्यूयॉर्कमधील एका शाळामास्तराच्या पाहण्यात आले, असे मानले जाते. त्याचे नाव एबेल मीरोपोल. ब्राँक्स भागातील डेविट क्लिंटन हायस्कूलमध्ये तो इंग्रजी शिकवत असे. ज्यू कुटुंबात जन्मलेल्या या शिक्षकाला झुंडीच्या हत्येच्या चित्राने अनेक दिवस अस्वस्थ केले आणि त्यातून एक छोटी कविता झाली. १९३७ साली ती शिक्षक संघटनेच्या नियतकालिकात छापून आली. पुढे त्यानेच तिला चाल लावली आणि 'स्ट्रेंज फ्रूट', म्हणजे 'विचित्र फळ', या नावाने ती जगाला ठाऊक झाली. लेखनासाठी त्याने 'लुईस ॲलन' हे नाव घेतले होते; ती त्याच्या मृत जन्मलेल्या दोन मुलांची नावे होती. लोक ज्या चित्राकडे तमाशा म्हणून पाहत होते, त्याच चित्राकडे दोन अपत्ये गमावलेला बाप पाहत होता. यावर आम्ही अधिक भाष्य करू इच्छित नाही. मात्र वाचकांपैकी जे शिक्षक आहेत, त्यांनी शाळेच्या हजेरीपत्रकाइतक्या साध्या आयुष्यातून हे गीत आले, हे जरूर लक्षात घ्यावे.

ते गीत बिली हॉलिडे हिने गाईपर्यंत मात्र ते सभांपुरतेच राहिले होते. १९३९ च्या आरंभी, वयाच्या तेविसाव्या वर्षी, न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधील 'कॅफे सोसायटी' या ठिकाणी तिने ते प्रथम गायले. काळे आणि गोरे श्रोते एकत्र बसू शकतील अशी जी थोडी ठिकाणे त्या शहरात होती, त्यांपैकी हे एक. मालक बार्नी जोसेफसन याने या गाण्यासाठी काही नियम घालून दिले. हे गीत कार्यक्रमाच्या अगदी शेवटी होईल. त्यापूर्वी वाढपी आपले काम थांबवतील. सर्व दिवे मालवले जातील आणि केवळ गायिकेच्या चेहऱ्यावर एक झोत राहील. गीत संपताच तोही विझेल, आणि कितीही टाळ्या पडल्या तरी ती पुन्हा रंगमंचावर येणार नाही.

हे नियम आम्हांस त्या गीताइतकेच महत्त्वाचे वाटतात. करमणुकीसाठी पैसे मोजून आलेल्या माणसांना काही मिनिटे करमणूक नाकारणे, हातातील पेला खाली ठेवायला लावणे आणि मग टाळ्यांनी मन हलके करण्याची सोयही काढून घेणे, हा निषेधाचा फार विचारपूर्वक योजलेला मार्ग होता. गीत स्वतः ओरडत नाही. त्यात घोषणा नाही, कोणाला उद्देशून शिवी नाही, 'उठा' अशी हाकही नाही. दक्षिणेकडील रम्य, सुगंधी निसर्गाचे वर्णन आणि झाडाला लोंबणारे देह, एवढ्या दोनच गोष्टी शेजारी शेजारी ठेवलेल्या आहेत. बिलीचे वडील दोन वर्षांपूर्वी टेक्सासमध्ये न्यूमोनियाने वारले होते. कृष्णवर्णीय असल्यामुळे त्यांना वेळेवर उपचार मिळाले नाहीत, असे ती सांगत असे, आणि हे गीत गाताना तिला त्यांची आठवण होई. ज्या मोठ्या ध्वनिमुद्रण कंपनीशी तिचा करार होता, तिने हे गीत ध्वनिमुद्रित करण्यास नकार दिला. अखेर 'कमोडोर' या छोट्या कंपनीने २० एप्रिल १९३९ रोजी ते मुद्रित केले.

आपल्या शाळेत सकाळच्या वंदनेनंतर काही क्षण मौन पाळले जाते. त्या मौनाची सवय असलेल्या मुलांना 'कॅफे सोसायटी'तील तो अंधार समजावून सांगण्यास फार वेळ लागणार नाही, असा आमचा विश्वास आहे. उलट, जयंतीच्या मिरवणुकीत डीजेच्या भिंतीपुढे ज्या गाण्यांवर आपण हल्ली नाचतो, त्यांतील कितीतरी गाणी मुळात कोणत्या दुःखातून आली हे आपल्याच मुलांना ठाऊक नसते. आनंद साजरा करण्यास आमचा विरोध नाही. पण एखादे गाणे आपल्याला गप्प करण्यासाठी लिहिलेले असू शकते, ही जाणीव डेसिबलच्या जोरावर हरवत चालली आहे, हे बोलून दाखवणे आम्हांस भाग आहे.

येथवरचे वाचून कोणी म्हणेल, कला ही स्वभावतःच अन्यायाच्या विरोधात असते. इतिहास असे म्हणू देत नाही. 'स्ट्रेंज फ्रूट'च्या चोवीस वर्षे आधी, १९१५ साली, डी. डब्ल्यू. ग्रिफिथ या दिग्दर्शकाचा 'द बर्थ ऑफ ए नेशन' हा मूकपट आला. अमेरिकी यादवी युद्धानंतर मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयांना मतदानाचा हक्क मिळाला, तो काळ या चित्रपटात अनाचाराचा काळ म्हणून रंगवला आहे. काळ्या पुरुषाला गोऱ्या स्त्रीमागे धावणारा पशू ठरवून त्याची प्रमुख कामे तोंडाला काळे फासलेल्या गोऱ्या नटांना दिली होती. आणि त्यांच्या 'बंदोबस्ता'साठी घोड्यांवरून येणारे पांढऱ्या झग्यातील कू क्लक्स क्लॅनचे स्वार या चित्रपटाचे नायक आहेत. राष्ट्राध्यक्ष वुड्रो विल्सन यांच्यासाठी व्हाइट हाउसमध्ये त्याचा खास खेळ झाला. त्याच वर्षाच्या अखेरीस, जवळपास संपुष्टात आलेली क्लॅन ही संघटना जॉर्जिया राज्यातील स्टोन माउंटन येथे पुन्हा स्थापन झाली आणि तिने पुढे सदस्यभरतीसाठी हा चित्रपट वापरला.

३ मार्च १९१५ रोजी हा चित्रपट न्यूयॉर्कमध्ये लागला, तेव्हा बाबासाहेब आंबेडकर त्याच शहरातील कोलंबिया विद्यापीठात शिकत होते आणि विद्यापीठाला लागूनच हार्लेम ही कृष्णवर्णीयांची वस्ती वाढत होती. 'नॅशनल असोसिएशन फॉर द ॲडव्हान्समेंट ऑफ कलर्ड पीपल' या १९०९ साली स्थापन झालेल्या संघटनेने चित्रपटाविरुद्ध निदर्शने केली, सेन्सॉरकडे अर्ज केले. चित्रपट मात्र तुफान चालला.

तो का चालला, हे मुलांना शिकवणे आम्हांस फार गरजेचे वाटते. ग्रिफिथ हा आपल्या कामात अत्यंत कुशल होता. एका ठिकाणी संकटात सापडलेली मुलगी, दुसऱ्या ठिकाणी तिला वाचवण्यासाठी दौडत येणारे स्वार. एकदा हे दृश्य, एकदा ते, आणि प्रत्येक वेळी तुकडा आखूड होत जातो. आज दूरदर्शनच्या कोणत्याही मालिकेत वापरली जाणारी ही युक्ती त्याने इतक्या सफाईने वापरली की, प्रेक्षकाच्या मनाची संमती न घेताच त्याचे काळीज स्वारांच्या बाजूने धडधडू लागे. मारेकरी लवकर पोहोचावेत, अशी इच्छा सभ्य, सुशिक्षित माणसांच्या मनात काही मिनिटे जागी झाली. मोबाईलवर आज येणाऱ्या चित्रफिती नेमके हेच करतात. तेव्हा चित्रपट पाहताना 'माझे काळीज आत्ता कोणासाठी धडधडते आहे?' हा प्रश्न स्वतःला विचारण्याची सवय वयाच्या चौदाव्या-पंधराव्या वर्षी लागली, तर ती पुढे जन्मभर पुरेल.

या चित्रपटाला उत्तर देणाऱ्यांमध्ये ऑस्कर मिशो हे नाव आपल्याकडे फारसे कोणी घेत नाही. ते घ्यावे म्हणूनच खरे तर आम्ही हा लेख लिहावयास घेतला. मिशोचे वडील गुलामगिरीत जन्मले होते. त्याने शेती केली, कादंबऱ्या लिहिल्या, त्या स्वतः छापल्या आणि दारोदार फिरून विकल्या. ज्या शेतकऱ्यांना पुस्तके विकली, त्यांनाच पुढे आपल्या चित्रपट कंपनीचे भाग विकले. अशा भांडवलावर उभ्या राहिलेल्या कंपनीचा 'विदिन अवर गेट्स' हा मूकपट जानेवारी १९२० मध्ये शिकागोत दाखवला गेला. त्याआधीच्या उन्हाळ्यात त्याच शहरात वांशिक दंगल होऊन ३८ माणसे मेली होती. चित्रपटातील झुंडहत्येच्या दृश्यांमुळे पुन्हा दंगल पेटेल, अशी भीती घालून तो अडवण्याचा प्रयत्न झाला. अनेक ठिकाणी दृश्ये कापली गेली. ग्रिफिथच्या चित्रपटाने आग लागेल, ही भीती मात्र त्यावर बंदी आणण्यास बहुतेक शहरांत पुरेशी ठरली नव्हती.

या चित्रपटाची नायिका सिल्व्हिया लँड्री ही एक शिक्षिका आहे. दक्षिणेतील गरीब कृष्णवर्णीय मुलांची शाळा पैशांअभावी बंद पडण्याच्या बेतात असते. ती वाचवण्यासाठी देणगी गोळा करण्यास सिल्व्हिया उत्तरेकडे बोस्टनला जाते. आपल्या संस्थेच्या आरंभीच्या काळात पावती पुस्तके घेऊन फिरलेल्या ज्येष्ठांना हे कथानक परके वाटणार नाही. पण खरी कथा चित्रपटाच्या उत्तरार्धात, सिल्व्हियाच्या भूतकाळात उलगडते. तिला वाढवणारा बाप जॅस्पर लँड्री हा गोऱ्या जमीनदाराची शेती वाट्याने करणारा कूळ. मुलगी शिकलेली, म्हणून वर्षाचा हिशेब ती मांडते आणि तो कागद घेऊन बाप जमीनदाराकडे जातो. जमीनदाराने नाडलेला एक गोरा मनुष्य नेमक्या त्याच वेळी खिडकीतून गोळी झाडून त्याला ठार करतो. खुनाचा आळ लँड्रीवर येतो, आणि झुंड त्याच्या कुटुंबाचा जीव घेते. मालकाची मर्जी राखण्यासाठी लँड्रीचे नाव सांगणाऱ्या नोकरालाही तीच झुंड करमणूक म्हणून संपवते. तो नोकरही काळाच असतो.

शिकलेल्या मुलीने मांडलेला हिशेब हे या हत्याकांडाचे निमित्त ठरते. झुंडीच्या हिंसेमागे नेहमी 'संताप' असतो असे सांगितले जाते. मिशोने त्यामागची जमाखर्चाची वही दाखवली. आयडा बी. वेल्स या पत्रकार महिलेने हीच गोष्ट १८९२ पासून सप्रमाण लिहिली होती. मेम्फिस शहरात त्यांचा मित्र थॉमस मॉस आणि त्याचे दोन सहकारी यांना जमावाने ठार केले. त्यांचा अपराध एवढाच की, त्यांचे किराणा दुकान शेजारच्या गोऱ्या दुकानदाराला स्पर्धा करू लागले होते. वेल्स यांनी एकेका हत्येची चौकशी केली आणि स्त्रीच्या अब्रूचा आरोप हा बहुतेक वेळा मागाहून चिकटवलेला असतो, असे दाखवून दिले. त्यांच्या वृत्तपत्राचे कार्यालय जमावाने उद्ध्वस्त केले, पण त्यांचे लिखाण थांबले नाही.

मिशोने आणखी एक गोष्ट केली, आणि ती आम्हांस विलक्षण वाटते. ग्रिफिथची ती दोन दृश्ये आलटून पालटून दाखवण्याची युक्ती त्यानेही वापरली. मात्र एका बाजूला कृष्णवर्णीय कुटुंबाला फासावर चढवणारी झुंड आणि दुसऱ्या बाजूला त्याच क्षणी सिल्व्हियावर हात टाकणारा, मृत जमीनदाराचा गोरा भाऊ. कोण कोणाच्या अब्रूवर घाला घालतो, हे त्याने ग्रिफिथच्याच हत्याराने सांगितले.

हे सारे लहान मुलांना दाखवावे का, असा प्रश्न आमच्याबरोबर शिकलेले आणि आता पालक झालेले कित्येक मित्र विचारतात. 'मुलांना आम्ही पुढे जाण्यासाठी वसतिगृहात ठेवले आहे. त्यांच्या पुढ्यात पुन्हा रडगाणे कशाला?' हा प्रश्न टाकाऊ नाही. घरापासून दूर राहणाऱ्या अकरा-बारा वर्षांच्या मुलाने रात्री दिवा मालवल्यावर काय आठवत झोपावे, याची चिंता पालकाने केलीच पाहिजे. परंतु 'दाखवावे की नाही' आणि 'काय, कसे दाखवावे' हे दोन प्रश्न आहेत, आणि दुसऱ्याचे उत्तर न शोधता पहिल्याला नकार देणे आम्हांस मान्य नाही.

ऑगस्ट १९५५ मध्ये शिकागोचा एमेट टिल हा चौदा वर्षांचा मुलगा सुटीत मिसिसिपी राज्यात नातेवाइकांकडे गेला. एका गोऱ्या स्त्रीशी दुकानात अदबीने वागला नाही, या आरोपावरून त्याला रात्री घरातून उचलून नेले आणि हालहाल करून मारले; देह नदीत सापडला. त्याची आई मेमी टिल हिने शवपेटी उघडी ठेवण्याचा निर्णय घेतला. हजारो लोकांनी तो ओळखू न येणारा चेहरा पाहिला आणि 'जेट' या कृष्णवर्णीयांच्या साप्ताहिकाने त्याचे छायाचित्र छापले. बारा गोऱ्या ज्यूरींनी ६७ मिनिटांत आरोपींना निर्दोष सोडले. काही महिन्यांनी त्याच आरोपींनी पैसे घेऊन एका नियतकालिकाला हत्येची कबुली दिली. मेरियनचे छायाचित्र मारेकऱ्यांच्या बाजूने काढलेले होते, हे छायाचित्र आईच्या संमतीने काढलेले होते. दोन्हींत छिन्न देहच आहेत. परंतु पहिले छायाचित्र माणूस संपला असे सांगते, आणि दुसरे तो कोणाचा तरी मुलगा होता असे.

२०२२ साली चिनोन्ये चुक्वू या दिग्दर्शिकेने 'टिल' हा चित्रपट केला आणि एमेटवरील प्रत्यक्ष मारहाण पडद्यावर दाखवायची नाही, असे ठरवले. कॅमेरा बहुतांश वेळ आईच्या चेहऱ्यावर आहे. काहींना हे मवाळ वाटले. आम्हांस तसे वाटत नाही. मेमी टिलने १९५५ साली जगाला पाहायला लावले, कारण जग पाहत नव्हते. आज मात्र मारहाणीच्या चित्रफिती खिशातल्या फोनवर चहा पिता पिता पाहिल्या जातात आणि डोळे त्यांना सरावले आहेत. अशा वेळी देह झाकून आईचे तोंड दाखवणे हाच अधिक धीट निर्णय आहे. मुलांसाठी चित्रपट निवडताना आम्ही हीच कसोटी वापरू: जखम किती मोठी दाखवली आहे, यापेक्षा ज्याला जखम झाली त्याचे घर, त्याचे नाव, त्याची शाळा दाखवली आहे की नाही.

या कसोटीवर 'फोर लिटल गर्ल्स' हा स्पाइक ली यांचा १९९७ चा माहितीपट फार वरचा आहे. १५ सप्टेंबर १९६३, रविवार. अलाबामा राज्यातील बर्मिंगहॅम शहरात चर्चमध्ये ठेवलेल्या बॉम्बने चार मुली ठार झाल्या. तिघी चौदा वर्षांच्या, एक अकरा वर्षांची. माहितीपटात त्यांचे आईवडील, बहिणी, मैत्रिणी बोलतात. एखादीला काय आवडत असे, कोणती वस्तू अजून घरात जपली आहे, असे साधे बोलणे. ते ऐकून झाल्यावर बॉम्बचा तपशील आपणहून ऐकवत नाही. पहिल्या आरोपीला शिक्षा व्हायला १९७७ साल उजाडले, आणखी दोघांना २००१ व २००२ मध्ये. म्हणजे माहितीपट आला तेव्हा यांतील दोघे जण मोकळे फिरत होते.

त्याच घटनेला संगीताने दोन अगदी निराळी उत्तरे दिली. जॉन कोल्ट्रेन या सॅक्सोफोनवादकाने दोनच महिन्यांनी 'अलाबामा' ही रचना मुद्रित केली. तिच्यात शब्द नाहीत. केवळ एक संथ, जड, विलाप करणारा सूर. नीना सिमोन हिची प्रतिक्रिया याच्या उलट. ती सांगत असे की, बातमी ऐकल्यावर प्रथम तिने घरातील सामान जमवून बंदूक करायला घेतली; पतीने समजावले की तुला येते ते संगीत, तेव्हा ती पियानोवर बसली आणि तासाभरात 'मिसिसिपी गॉडॅम' तयार झाले. चाल मुद्दाम उडती, नाटकातील आनंदी गाण्यासारखी. शब्द मात्र धगधगते. 'जरा धीराने घ्या' असे सांगणाऱ्या सज्जनांना त्यात जबर टोला आहे. शीर्षकातच शिवी असल्याचे निमित्त करून दक्षिणेतील काही नभोवाणी केंद्रांनी तबकड्या तोडून परत पाठवल्या.

बिलीचा अंधार, कोल्ट्रेनचा विलाप आणि नीनाचा संताप, यांपैकी योग्य कोणता असे आम्हांस कोणी विचारले, तर आम्ही उत्तर देणार नाही. मुलांना मात्र तिन्ही ऐकवू. रागावलेल्या मुलाला 'रागावू नकोस' एवढेच शिकवणारी शाळा त्याला एकटे सोडते. रागाचे काय करता येते हे दाखवणारी शाळा त्याच्या सोबत राहते.

या गाण्यांनी हिंसा थांबली का? १८७७ ते १९५० या काळातील ४,४०० हून अधिक झुंडहत्यांची नोंद झाली आहे. माँटगोमेरी येथे २०१८ साली उभारलेल्या स्मारकात आठशेहून अधिक पोलादी स्तंभ टांगलेले आहेत, प्रत्येक स्तंभ एकेका परगण्याचा, त्यावर तेथे मारल्या गेलेल्यांची नावे. झुंडहत्येविरुद्धचा कायदा १९२२ साली अमेरिकी प्रतिनिधिगृहात संमत होऊनही सेनेटमध्ये अडला. तो अखेर एमेट टिलच्या नावाने २९ मार्च २०२२ रोजी झाला. मधली शंभर वर्षे गाणी होती, कायदा नव्हता. गाण्याने कायदा आणला असे म्हणणे खोटे ठरेल. पण झुंडीचे चित्र आठवणवस्तू म्हणून दिवाणखान्यात ठेवणाऱ्या समाजाला ते चित्र लाजेने माळ्यावर टाकावेसे वाटू लागले, यात त्या गाण्याचा वाटा नव्हता असेही कोणी म्हणू नये.

मराठी माणसाचे या इतिहासाशी नाते आजचे नाही. महात्मा फुल्यांनी १८७३ साली 'गुलामगिरी' हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांना मुक्त करणाऱ्या लोकांना अर्पण केला. बाबासाहेबांनी १९४६ साली डब्ल्यू. ई. बी. द्यू बॉइस यांना पत्र लिहून, कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रांकडे केलेल्या अर्जाची प्रत मागवली. १९७२ साली मुंबईत दलित पँथरने आपले नावच अमेरिकेतील ब्लॅक पँथरकडून घेतले. वंश आणि जात एक नव्हेत, हे बाबासाहेबांनीच आपल्याला शिकवले आहे, आणि त्या दोहोंची सरसकट तुलना करून भाषणे ठोकण्याची सवय आम्हांस मुळीच आवडत नाही. तरीही पाहण्याची रीत उसनी घेता येते. आनंद पटवर्धन यांनी १९९७ च्या रमाबाई नगर गोळीबारानंतर चौदा वर्षे चित्रीकरण करून २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. त्या गोळीबारात दहा माणसे गेली आणि काही दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपले जीवन संपवले. त्या माहितीपटात आकडे कमी आहेत. घरे, नावे आणि शाहिरांची गाणी अधिक.

आणि एक गोष्ट तर आपली मुले दररोज करतातच. परिपाठाला 'हम होंगे कामयाब' म्हणणाऱ्या मुलांपैकी कितींना ठाऊक आहे की, 'वुई शॅल ओव्हरकम' हे त्याचे मूळ गीत साऊथ कॅरोलिनातील चार्ल्सटन येथे तंबाखूच्या कारखान्यातील कृष्णवर्णीय कामगार स्त्रियांनी १९४५-४६ च्या संपात गायले होते? पुढील परिपाठात हे एवढे एक वाक्य सांगण्यासाठी कोणत्याही परवानगीची गरज नाही.

चित्रपटांविषयी आमची सूचना अशी. नववी-दहावीच्या मुलांना प्रथम 'विदिन अवर गेट्स' दाखवावा. खालच्या वर्गांना नको. तो सुमारे सव्वा तासाचा आहे आणि जुना असल्याने त्यावर कोणाचे हक्क उरलेले नाहीत. झुंडहत्येचा भाग येण्यापूर्वी शिक्षकांनी तो येणार असल्याचे सांगावे, ज्याला बाहेर जायचे त्याला जाऊ द्यावे, आणि नंतर लगेच प्रश्नोत्तरे न घेता मुलांना थोडा वेळ बसू द्यावे. भाषेची अडचण पुढे करू नये. हा चित्रपट कित्येक दशके हरवलेला होता. त्याची एकमेव प्रत स्पेनमध्ये सापडली आणि तिच्यावरील पाट्या स्पॅनिश भाषेत होत्या. आज दिसतात त्या बहुतेक इंग्रजी पाट्या त्या स्पॅनिशवरून परत तयार केलेल्या आहेत. त्या मराठीत वाचून दाखवण्यास दहावीतील दोन मुले पुरेशी आहेत, आणि शक्य तर त्यांतील एक मुलगी असावी.